घटकाशाही: एका एकांकिकेसाठी रचलेल्या कालखंडाचा प्रकरण अभ्यास

हे प्रकरण ठाण्यातल्या एका महाविद्यालयाच्या नाट्यमंडळाचं आहे. मी तिथे भौतिकशास्त्र शिकवते आणि नाट्यमंडळाची जबाबदारीही माझ्याकडे आहे. मुलांची, महाविद्यालयाची आणि स्पर्धेची नावं टाळली आहेत. बाकी सगळं तालमीच्या वहीत नोंदलं गेलं तसं दिलं आहे. काल्पनिक इतिहास रचायला बसणाऱ्या प्रत्येकाला यातली एखादी तरी अडचण येतेच, म्हणून हे सविस्तर लिहिते आहे.

पार्श्वभूमी

आमच्या लेखकाच्या चुलतबहिणीच्या लग्नात गुरुजींनी घंगाळात घटिकापात्र सोडलं होतं. तळाला बारीक भोक असलेली तांब्याची वाटी पाण्यावर तरंगते, हळूहळू भरते आणि बुडते. बुडाली की एक घटका झाली, म्हणजे 24 मिनिटं. अशा 60 घटकांचा एक दिवस-रात्र. मांडवात सगळे मोबाइलवर वेळ बघत होते आणि हा मुलगा त्या वाटीपाशी बसून राहिला. ही वाटी आपल्या मर्जीने भरवता आली तर, हा विचार त्याला तिथे सुचला.

त्यातून त्याने एक कालखंड रचला आणि त्याला ‘घटकाशाही’ असं नाव दिलं. ठाण्याच्या खाडीकाठी तांबटांनी एक प्रचंड घंगाळ घडवलं आहे, त्यामुळे काळावर माणसाचा ताबा आला आहे, आणि सत्ता जमिनीच्या मालकीवर चालत नाही, घटकांच्या मालकीवर चालते. आपल्या भाषेत ‘घटका भरली’ म्हणजे शेवट आला. त्या राज्यात कुणाची घटका कधी भरायची हे कचेरीत ठरतं. कल्पना ऐकल्याबरोबर मला आवडली. आजही आवडते.

मंडळात लेखक, दिग्दर्शिका, प्रकाश आणि संगीत बघणारे दोघे, नेपथ्याचा एक आणि चार नट, असे नऊ जण. स्पर्धेची वेळमर्यादा 45 मिनिटं. दोन घटकांना तीन मिनिटं कमी.

अडचण

पहिलं वाचन ठाण्यातल्या घंटाळी भागात एका मुलीच्या घरी झालं. त्या संहितेत घंगाळ सगळंच करत होतं. माणसाला मागच्या काळात नेत होतं, पुढे नेत होतं, एखादं घर क्षणात गोठवत होतं; उरलेला काळ गडूत भरून बाजारात विकला जात होता. चाळीस मिनिटांच्या संहितेत निम्मा वेळ पात्रं एकमेकांना यंत्राचे नियम समजावत होती.

वाचन संपल्यावर बराच वेळ कुणी बोललं नाही. मग आईची भूमिका करणारी मुलगी म्हणाली, “मॅम, मी रडू का नको, तेच कळत नाही. तो मेला, पण पुढच्या प्रवेशात कुणीतरी मागे जाऊन त्याला वाचवणारच आहे ना?”

अडचण तिने बरोबर पकडली होती. जे यंत्र काहीही करू शकतं, त्याच्या राज्यात कुणाचंच काही कायमचं जात नाही. आणि ज्या काळात काहीच कायमचं जात नाही, त्याला इतिहास म्हणता येत नाही. प्राथमिक फेरीला सहा आठवडे उरले होते.

समोरचे पर्याय

दिग्दर्शिकेचं म्हणणं होतं, की हे सोडून द्यावं आणि एखादी तयार संहिता घ्यावी. सहा आठवड्यांत नवीन जग उभं करणं शक्य नाही, असं ती स्वच्छ म्हणाली. तिचं म्हणणं चुकीचं नव्हतं.

दुसरा पर्याय माझा होता: भूतकाळात जाणं ठेवायचं आणि त्यातले पेच नीट सोडवायचे. मागे जाऊन स्वतःच्या आजोबांचं लग्न मोडणाऱ्या माणसाचा पेच वर्गात शिकवायला मला फार आवडतो. आज विचार करते तेव्हा जाणवतं, की हा पर्याय मी नाटकासाठी सुचवलाच नव्हता. तो माझ्या आवडीचा होता, इतकंच.

तिसरा पर्याय लेखकाकडून आला, आणि तो माझ्याच तासाला त्याने ऐकलेल्या गोष्टीतून आला होता. मागे जाण्याचा कसलाही पुरावा नाही, पण दोन जागी काळ वेगवेगळ्या गतीने चालतो हे रोजचं सत्य आहे. जीपीएसच्या उपग्रहांवरची घड्याळं जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा दिवसाला सुमारे 38 मायक्रोसेकंद पुढे जातात. वर गुरुत्वाकर्षण कमी, त्यामुळे 45 मायक्रोसेकंद पुढे, उपग्रहाच्या वेगामुळे 7 मागे, वजाबाकी 38. हा फरक दुरुस्त केला नाही तर नकाशावरचा आपला ठिपका एका दिवसात काही किलोमीटर चुकेल. 2010 साली तर एकमेकांपेक्षा फक्त 33 सेंटिमीटर वर-खाली ठेवलेल्या दोन अणुघड्याळांमधला फरकही मोजला गेला. जिन्याच्या दोन पायऱ्यांइतकं अंतर!

आणि आपल्याकडे ही कल्पना परकी मुळीच नाही. भागवताच्या नवव्या स्कंधात ककुद्मी राजा मुलगी रेवतीला घेऊन, तिच्यासाठी नवरा कोण शोधावा हे विचारायला ब्रह्मलोकी जातो. तिथे गाणं चालू असतं, म्हणून थोडा वेळ थांबतो. तेवढ्यात पृथ्वीवर 27 चतुर्युगं उलटून गेलेली असतात आणि मनात धरलेली सगळी स्थळं काळाआड गेलेली असतात. तिथे मागे जाण्याची सोय कुणालाच नाही. म्हणून ती गोष्ट चटका लावते.

निर्णय असा झाला: घंगाळ फक्त एकच गोष्ट करेल. त्याच्या आत काळ बाहेरच्यापेक्षा बारा पट वेगाने चालेल. मागे जाणं नाही, थांबवणं नाही, साठवणं नाही. बाहेर एक महिना, आत एक वर्ष.

मग आम्ही फळ्यावर हिशेब मांडला. आई 38 वर्षांची, मुलगा 20 वर्षांचा. मुलगा घंगाळात कामाला जातो. बाहेर दोन वर्षं होतात. आई 40 वर्षांची होते. मुलगा 44 वर्षांचा होऊन बाहेर येतो.

फळ्याकडे बघत सगळे गप्प झाले. पहिल्या वाचनानंतरही शांतता होती, पण ही वेगळी होती. दिग्दर्शिका म्हणाली, “हेच करू.”

कोणता काळ, कोणती माणसं

कालखंड अगदी कल्पनेतला ठेवायचा, म्हणजे गावाचं नावही खोटं, असा एक विचार होता. मी त्याला विरोध केला. खोट्या गावात प्रेक्षकाला सगळंच खोटं वाटतं आणि त्याचं बोट धरायला काही उरत नाही. आम्ही दोन खऱ्या तारखांच्या मधली जागा घेतली. डिसेंबर 1774 मध्ये ठाण्याचा किल्ला इंग्रजांनी मराठ्यांकडून घेतला, आणि 16 एप्रिल 1853 रोजी बोरीबंदरहून ठाण्याला पहिली आगगाडी आली. या साधारण 78 वर्षांमध्ये आमची घटकाशाही उभी राहते आणि संपते. गाडीबरोबर वेळापत्रक आलं, सगळ्यांना एकच वेळ पाळणं भाग झालं आणि घंगाळ बंद पडलं, असा शेवट लेखकाने आधीच मनात धरला होता.

इथे एक मोह आडवा आला. याच किल्ल्यात दुसऱ्या बाजीराव पेशव्याचे कारभारी त्रिंबकजी डेंगळे कैदेत होते आणि 1816 साली तिथून निसटले. बाहेरच्या एका मोतद्दाराने घोड्याची निगा करता करता गाणी म्हणत त्यांना निरोप पोचवले, अशी कथा कलकत्त्याचे इंग्रज बिशप हेबर यांनी नोंदवली आहे. पहारेकरी गोरे, त्यांना मराठी कळत नव्हतं. दिग्दर्शिकेला डेंगळे रंगमंचावर हवे होते. किल्ला आज मध्यवर्ती कारागृह आहे, आमची मुलं रोज त्याच्या भिंतीवरून जातात, त्यामुळे तिचा हट्ट समजण्यासारखा होता.

आम्ही दोन दिवस यावर भांडलो. शेवटी नियम केला: खऱ्या माणसाच्या तोंडी एकही शब्द घालायचा नाही. खरा माणूस आला की प्रेक्षक त्याचा खरा इतिहास तपासू लागतो आणि आमच्या आईकडे त्याचं लक्ष राहत नाही. डेंगळे वगळले, त्यांच्यावरून सुचलेला एक धागा ठेवला: तांब्याच्या भिंतीबाहेरून आई ओव्या म्हणते आणि आत मुलगा त्या ऐकायचा प्रयत्न करतो. या धाग्याने पुढे आम्हाला फार दिलं.

मिठागराचा प्रश्न

पहिल्या मसुद्यात घंगाळाच्या आत मिठागर होतं. ठाण्याची खाडी म्हटल्यावर मीठ डोळ्यांसमोर येतंच. बाहेर एक दिवस, आत बारा दिवसांचं मीठ, राज्याची चंगळ, असं गणित होतं.

नेपथ्य करणारा मुलगा आगरी घरातला. त्याच्या आजोबांची हयात मिठागरात गेली. तो दोन-तीन तालमी काही बोलला नाही, मग एकदा खिळे ठोकता ठोकता म्हणाला, “मॅम, मीठ माणूस करत नाही. ऊन करतं. माणसं बारा पट पळाली तरी ऊन कुठे पळतंय?”

मी भौतिकशास्त्राची बाई, आणि हे माझ्या लक्षात आलं नव्हतं. आतल्या माणसाचा काळ बारा पट जलद म्हणजे त्याच्या दृष्टीने सूर्य बारा पट मंद. त्याला सहा दिवस सलग ऊन आणि सहा दिवस सलग रात्र. कोंडीत, म्हणजे मिठागराच्या वाफ्यात, पाणी घेतलं तरी एका खेपेच्या मिठाला त्याच्या हिशेबाने बारा पट दिवस लागणार. बाहेरच्या मिठागरात जेवढं मीठ पडतं, तेवढंच आत पडणार. फायदा शून्य, आणि माणसं मात्र बारा पट लवकर म्हातारी.

या एका वाक्याने सगळ्या कालखंडाची घडी बसली. कारण आता प्रश्न असा झाला: या यंत्राने कोणतं काम लवकर होतं आणि कोणतं होत नाही? भात लवकर पिकत नाही, मासे लवकर वाढत नाहीत, भरती-ओहोटी लवकर होत नाही, मीठ पडत नाही. निव्वळ माणसाच्या हातांनी होणारं काम तेवढं लवकर होतं. ठाणं एकेकाळी विणकामासाठी, रेशमी कापडासाठी नावाजलेलं होतं, म्हणून आत माग गेले. आगरी-कोळी घंगाळाबाहेर राहिले, आणि त्यांच्या कामाला घाई करता येत नाही म्हणून त्या राज्यात त्यांची किंमत कमी धरली जाते, ही गोष्ट आपोआप नाटकात आली. आम्ही ती शोधली नव्हती. नियम नीट पाळल्यावर ती दिसू लागली.

भौतिकशास्त्र कुठवर पाळायचं

इथे चूक माझी झाली आणि तिच्यात चार दिवस गेले.

सूर्य मंद होतो हे कळल्यावर मी प्रकाशाचा हिशेब मांडायला बसले. बाहेरून आत जाणाऱ्या प्रकाशाची तरंगलांबी बारा पट वाढेल. डोळ्याला दिसणारा 400 ते 700 नॅनोमीटरचा प्रकाश आत 4800 ते 8400 नॅनोमीटरचा होईल, म्हणजे अवरक्त, म्हणजे काळोख. इथपर्यंत ठीक होतं. पण उष्णतेचंही तेच. बाहेरची साधारण 300 केल्विनची दुनिया आतल्यांना 25 केल्विनची भासेल, म्हणजे उणे 248 अंश सेल्सिअस. उलट आतल्या माणसाच्या अंगाची साधी ऊब बाहेरून बघणाऱ्याला 3700 केल्विनची, विजेच्या दिव्याच्या तारेपेक्षाही तापलेली दिसेल. थोडक्यात, आतले गोठतील आणि बाहेरचे भाजतील.

मी हे सगळं उत्साहाने मुलांना सांगितलं आणि लेखकाचा चेहरा उतरला. त्याला वाटलं, नाटकच अशक्य झालं. त्या आठवड्यात त्याने एक ओळ लिहिली नाही. ज्ञान सांगण्याच्या भरात मी एका विशीतल्या मुलाचं जग त्याच्या डोळ्यांसमोर मोडलं होतं आणि त्याला ते परत जोडायला काही दिलं नव्हतं.

वाट प्रकाशयोजना करणाऱ्या मुलाने काढली. घंगाळ उघडं कशाला? तांब्याने पूर्ण बंद करू. आत उजेड फक्त आतल्या दिव्यांचा. ये-जा करायला किल्ल्याला असते तशी एक छोटी दिंडी, दोन दारांची. एक उघडं असताना दुसरं बंद. उजेड आणि उष्णता भिंतीपाशीच अडतात असं एकदा धरलं की पुढचं सगळं सुसंगत. हवेचा प्रश्न आम्ही मुद्दाम सोडून दिला. प्रेक्षक एक अशक्य गोष्ट मान्य करतो. ती कुठली, हे आपण ठरवायचं आणि बाकीच्या गोष्टी तिच्याशी प्रामाणिक ठेवायच्या.

आवाज मात्र भिंतीतून येतो असं ठेवलं, कारण आम्हाला आईची ओवी हवी होती. बारा पट मंद आवाज म्हणजे साडेतीन सप्तकं खाली. संगीत करणाऱ्या मुलीने आईची ओवी ध्वनिमुद्रित करून खरोखर बारा पट मंद केली. शब्द गेले, सूरही गेला, जमिनीतून यावी तशी एक घरघर उरली. वसईच्या मोहिमेनंतर पोर्तुगीज घंटा आपल्याकडच्या देवळांत टांगल्या गेल्या, तशी एक घंटा आम्ही घंगाळाबाहेर कल्पिली होती. तिचा एक टोल आत जवळपास मिनिटभर घुमत राहायचा. मुलगा भिंतीला कान लावतो आणि म्हणतो, “आई गातेय.” सोबतचा विणकर म्हणतो, “वारा आहे.” चोवीस वर्षं या दोघांचा हाच वाद. ही दोन वाक्यं मला अख्ख्या संहितेत सगळ्यात जवळची आहेत.

भाकऱ्यांचा हिशेब

आईचं काम ठरत नव्हतं. ती नुसती वाट बघणारी होती, आणि नुसती वाट बघणारी आई रंगमंचावर फार लवकर संपते.

आईची भूमिका करणाऱ्या मुलीच्या घरी पोळी-भाजी केंद्र आहे. पहाटे चारला तिच्या घरी कणीक मळायला सुरुवात होते. तिने विचारलं, “आतल्या लोकांना जेवण कोण पोचवतं?” आम्ही हिशेब केला. आत 40 विणकर. बाहेरच्या एका दिवसात त्यांचे बारा दिवस होतात. रोज दोन वेळा, प्रत्येकी दोन भाकऱ्या. म्हणजे बाहेर दिवसाला 1,920 भाकऱ्या. त्या चुलींपुढे बसणाऱ्या बायकांची एक अख्खी आळी लागणार!

तेव्हापासून आई भाकऱ्या थापू लागली. मुलाला आत पाठवल्यावर त्याच्याशी तिचा एकच संबंध उरतो, दिंडीतून आत जाणारी टोपली. तिच्या एका दिवसात त्याला चोवीस वेळा भूक लागते. ती रात्री झोपते तेवढ्यात तो चार दिवस जगतो, म्हणून तिला झोप नकोशी होते. घटकाशाहीचा सगळा भार बायकांच्या हातांवर उभा आहे ही गोष्ट लेखकाच्या मूळ मसुद्यात कुठेही नव्हती.

पगाराचाही निर्णय याच सुमाराला झाला. मजुरी बाहेरच्या महिन्यावर द्यायची की आतल्या? लेखकाने लिहिलं होतं, बाहेरच्या. चोवीस वर्षांच्या कामाला चोवीस महिन्यांची मजुरी. दिग्दर्शिकेला हे अतिरेकी वाटलं. इतकं कोण सहन करेल, असं ती म्हणाली. मग मी त्यांना 1906 ची गोष्ट सांगितली. 1 जानेवारी 1906 पासून देशभर एक प्रमाणवेळ लागू झाली. ती मुंबईच्या स्थानिक वेळेपेक्षा 39 मिनिटं पुढे होती. गिरण्यांनी घड्याळं पुढे केली आणि कामगारांना 39 मिनिटं आधी कामावर यावं लागणार असं झालं. त्या महिन्यात हजारो गिरणी कामगारांनी काम बंद केलं, गिरण्यांवर दगडफेक झाली. शहरातही नव्या वेळेला इतका विरोध होता, की स्वातंत्र्यानंतरही काही वर्षं ‘मुंबई टाइम’ पूर्णपणे गेला नव्हता. प्रश्न 39 मिनिटांचा होता. आपलं आयुष्य कुणाच्या घड्याळावर मोजायचं, हा त्याच्या पोटातला प्रश्न.

मुलांना यातलं काहीही माहीत नव्हतं. दुसऱ्या दिवशी लेखकाने मुकादमाचा प्रवेश बदलला. आधी तो दुष्ट होता. आता तो सभ्य माणूस आहे, पै न् पै मोजून देतो, आणि त्याच्या घड्याळाप्रमाणे खरंच दोनच वर्षं झालेली असतात.

‘अहो’

एका तालमीत मुलगा दिंडीतून बाहेर आला. केसांना पांढरी पावडर लावायची ती पहिलीच वेळ. आई टोपली घेऊन उभी होती. तिचं वाक्य होतं, “आलास रे बाळा?” तिने वर पाहिलं आणि तिच्या तोंडून निघालं, “अहो, जरा बाजूला होता का? माझा मुलगा यायचाय.”

ती चुकली होती. समोर पिकल्या केसांचा माणूस दिसल्यावर ‘अहो’ हे आपोआप आलं. दिग्दर्शिकेने तालीम तिथेच थांबवली आणि ते वाक्य ठेवून दिलं. मुलानेही पुढे तिला लगेच ‘आई’ म्हणायचं नाही असं ठरलं. आपल्याहून लहान दिसणाऱ्या बाईला आई म्हणताना त्याची जीभ अडखळते. ‘अहो’वरून ‘अरे’वर यायला तिला किती वेळ लागतो, तो सगळा प्रवेश.

प्राथमिक फेरीत काय झालं

रंगमंचावर खरं घटिकापात्र ठेवायचा निर्णय सगळ्यांचा होता. जांभळी नाक्यावरून तांब्याची वाटी आणली. पहिलं भोक मोठं झालं, वाटी सहा मिनिटांत बुडली. डाग देऊन भोक बुजवलं, पुन्हा पाडलं. पाचव्या खेपेला 24 मिनिटं जमली. वाटी बुडाली की घंटा, घंटा झाली की दिंडी उघडते आणि मुलगा बाहेर येतो. प्रेक्षकाच्या डोळ्यांसमोर खरी एक घटका भरते, ही कल्पना इतकी सुंदर होती की तिच्या धोक्याकडे कुणी पाहिलं नाही.

पाणी गरम असेल तर बारीक भोकातून ते जरा जलद जातं, हे मी सांगितलं होतं, आणि दिव्यांपासून घंगाळ दूर ठेवलंही होतं. वाटी हलली तर काठावरून पाणी आत येईल, हे मात्र सुचलं नाही. प्रयोगात मुकादम लेव्हलवर, म्हणजे रंगमंचावरच्या चौथऱ्यावर, जोरात चढला, लेव्हल हादरली, घंगाळात लाट आली आणि वाटी सतराव्या मिनिटालाच बुडाली.

संगीत करणाऱ्या मुलीला सूचना स्पष्ट होती: वाटी बुडाली की घंटा. तिने घंटा दिली. मुकादमाचं बोलणं अर्धवट राहिलं, दिंडी उघडली, मुलगा बाहेर आला. दोघांची वयं ज्या संवादात कळतात, तो संवाद अजून झालाच नव्हता. ‘अहो’ हा शब्द प्रेक्षागृहात पडला, पण त्याचा अर्थ बऱ्याच जणांपर्यंत पोचला नाही. प्रयोग 38 मिनिटांत संपला. अंतिम फेरीत आमचं नाव नव्हतं. परीक्षकांनी नंतर सांगितलं, की तो काळ खरा वाटला, पण हा माणूस तिचा कोण, ते फार उशिरा कळलं.

ती मुलगी विंगेत रडत होती. मी तिला सांगितलं, आणि इथेही लिहिते, की तिचं काही चुकलं नाही. तिने सांगितलं तेच केलं.

वेगळं काय करता आलं असतं

सगळ्यात आधी, वाटी बुडणं आणि घंटा होणं यांची गाठ मी बांधू दिली नसती. वाटी ठेवायची, पण इशारा स्टॉपवॉचवर घ्यायचा. प्रयोगातली खरी वस्तू हातातून निसटली तरी नाटक तिच्यावाचून उभं राहिलं पाहिजे, हे मला अनुभवाने ठाऊक असायला हवं होतं.

दोघांची वयं पहिल्या पाच मिनिटांत यायला हवी होती. आई मुलाला दिंडीपाशी सोडताना त्याच्या वयाचं एक वाक्य बोलली असती, तर वाटी कधीही बुडाली तरी चाललं असतं. ती माहिती आम्ही धक्का द्यायला राखून ठेवली, आणि तो धक्का पोचलाच नाही.

भौतिकशास्त्राचा हिशेब मी लेखकाला एकट्याला गाठून सांगायला हवा होता, आणि तोही ‘यातून काय निघेल’ या बाजूने. नेपथ्याच्या मुलाला तर पहिल्या दिवशीच विचारायला हवं होतं. मिठाबद्दल तो पहिल्या वाचनापासून अस्वस्थ होता, पण ते बोलायला त्याला दोन आठवडे लागले, कारण आमच्या बैठकीत लेखक आणि नट बोलतात, खिळे ठोकणारा बोलत नाही. ही सवय आमची होती, त्याचा बुजरेपणा नव्हे.

डेंगळ्यांना वगळल्याचा मात्र पश्चात्ताप नाही. दिग्दर्शिकेला अजून आहे.

त्यानंतर

स्पर्धेनंतर पालकांसाठी आम्ही एक प्रयोग केला. वाटी होती, इशारा स्टॉपवॉचचा होता, वयं सुरुवातीला आली होती. ‘अहो’ला सभागृहात कुणीतरी मोठ्याने श्वास घेतलेला मी विंगेतून ऐकला.

नेपथ्याच्या मुलाचे आजोबा पहिल्या रांगेत होते. प्रयोग संपल्यावर त्यांनी मिठाबद्दल काही विचारलं नाही. त्यांनी लेखकाला जवळ बोलावून एवढंच विचारलं, “त्या पोराचं लग्न झालं का रे? आणि वय कुठलं धरलं?”

लेखकाकडे उत्तर नव्हतं. तो आता दुसरी एकांकिका लिहितो आहे. मुलगा घंगाळातला, मुलगी बाहेरची. आतली वाटी बाहेरच्या दोन मिनिटांत भरते, बाहेरची वाटी आत जवळपास पाच तास तरंगत राहते, आणि मुहूर्ताची वाटी दिंडीच्या कुठल्या बाजूला सोडायची यावर दोन्हीकडची माणसं अडून बसली आहेत.